गोष्ट काय आहे, ते लिहायचंच राहिलं की

वाचकाचं पत्र

ताई, मी बेळगावात वडगावला राहतो. वय 26. घरात चार यंत्रमाग आहेत, आई-वडील दोघंही मागावर. मी आयटीआय करून उद्यमबागेतल्या एका फाउंड्रीत क्वालिटीला आहे, महिना 19 हजार. लहानपणापासून भजनी मंडळात पेटी वाजवतो, नंतर ऑर्केस्ट्रात कीबोर्ड. हप्त्यावर कॉम्प्युटर घेतलाय, घरीच गाणी करतो. दोन शॉर्ट फिल्मना म्युझिक दिलंय. आता कोल्हापूरच्या एका निर्मात्यानं मराठी पिक्चर देऊ केलाय. सहा गाणी आणि पूर्ण बॅकग्राउंड, दोन लाखांत पॅकेज. गायक, वादक, स्टुडिओ, मिक्सिंग सगळं माझ्याकडं. 'सर्व हक्क निर्मात्याकडे' असा कागद आहे. दोन गाणी नावाजलेल्या गायकाकडूनच पाहिजेत म्हणतात, त्या गायकानंच 70 हजार सांगितलेत. सहाही चाली तयार आहेत, त्यातल्या दोन तर हिट आहेत असं सगळे म्हणतात. दुसरीकडं गोकाकच्या एकांनी यल्लम्माच्या कन्नड भक्तिगीतांचा अल्बम विचारलाय, 30 हजार आणि खर्च वेगळा. मित्र म्हणतात, कन्नड कशाला करतोस? वडील म्हणतात, नोकरी सोडलीस तर माग विकावे लागतील. नोकरी सोडून मुंबईला जाऊ काय? की आधी पिक्चर करू? का मुंबईतला तीन महिन्यांचा म्युझिक प्रोडक्शनचा कोर्स करू?
– वडगावचा पेटीवाला

उत्तर

पेटीवाल्या,

तुझं मूळ पत्र फुलस्केपची चार पानं होतं, वर दिलंय ते छाटून. चारही पानं मी दोनदा वाचली. त्यात पैसे आहेत, गायकाचं नाव आहे, कीबोर्डचं मॉडेल आहे, सहा चाली आहेत, त्यातल्या हिट कुठल्या तेही आहे. पिक्चर कशाबद्दल आहे, ते मात्र कुठंच नाही. नायक काय करतो, गोष्ट घाटावरची की कोकणातली, आजची की पन्नास वर्षांमागची, शेवटी कोण मरतं काय, एक ओळ नाही. शेवटचं पान उलटूनसुद्धा बघितलं. मागं तुझा फोन नंबर होता.

टोमणा मारत नाही. मीसुद्धा विशीत अशीच होते. पण तुझ्या सगळ्या प्रश्नांची उत्तरं मला याच एका विसरण्यात दिसतात, म्हणून तिथूनच सुरुवात करते.

गोष्ट ऐकायच्या आधी चाली तयार असणं भजनात चालतं, ऑर्केस्ट्रात चालतं, अल्बमातही चालतं. पिक्चरमध्ये ते गिऱ्हाइकाला लुगडं हवंय की पंचा, हे न विचारता ताणा लावण्यासारखं आहे. वडिलांना विचार, असा ताणा कोण लावतं काय. तुझी ती हिट चाल गोड असेलही, पण ती ज्या बाईच्या तोंडी जाणार ती बाई जर मुळात कमी बोलणारी, घुमी असेल, तर अंतऱ्यातल्या तुझ्या त्या सगळ्या हरकती तिच्या अंगावर उसन्या दागिन्यांसारख्या दिसतील. चाल चांगली की वाईट हा प्रश्न नंतरचा. आधी प्रश्न, कुणाची?

आणि गाणी ही तरी अर्धीच बाजू. बॅकग्राउंडबद्दल तू 'आणि पूर्ण बॅकग्राउंड' एवढंच लिहिलंस, लग्नाच्या यादीत शेवटी 'आणि मीठ' लिहितात तसं. खरं काम तिथं आहे. पिक्चर एडिट होतो, मग दिग्दर्शक, एडिटर आणि संगीतकार असे बसतात आणि सगळा पिक्चर संगीताशिवाय बघतात. कुठं संगीत सुरू होणार, कुठं थांबणार, हे मिनिट-सेकंदासकट लिहून काढतात. चांगल्या दिग्दर्शकाबरोबर बसलास तर निम्मी चर्चा 'इथं काही नको' याचीच होते. मग घरी येऊन गणित सुरू. पिक्चर सेकंदाला 24 फ्रेमनं पळतो. तुझी लय मिनिटाला 120 मात्रांची असेल तर एक मात्रा अर्ध्या सेकंदाची, म्हणजे 12 फ्रेमची झाली. दार आपटतं ते समेवर आलं पाहिजे असं वाटत असेल आणि सम दारापेक्षा अर्ध्या मात्रेनं मागं पडत असेल, तर लय किंचित वाढवायची, नाहीतर आधी कुठंतरी अर्धी मात्रा चोरायची. दार काही तुझ्यासाठी हलत नाही. त्यात पुन्हा एडिटरनं तात्पुरतं म्हणून कुठल्यातरी परदेशी पिक्चरचं संगीत लावून ठेवलेलं असतं, आणि दोन महिने तेच ऐकून दिग्दर्शकाचं त्याच्यावर प्रेम बसलेलं असतं. 'सेम नको, पण असंच पाहिजे' हे वाक्य तुला आयुष्यभर ऐकायचंय, आत्तापासून सवय करून घे.

मुंबईत मी एका संगीतकारांकडं वादकांसाठी नोटेशन लिहायला लागले, तेव्हा पहिल्या वर्षी त्यांनी मला एक छोटा प्रसंग करायला दिला. नवरा दवाखान्यात वारलाय आणि बाई त्याची सायकल ढकलत घरी येतेय. मी आठ व्हायोलिनं लिहिली, वर सारंगी, खाली चेलो. रात्रभर जागून लिहिली. ते आले, ऐकलं, आणि एकेक ट्रॅक बंद करत गेले. सारंगी गेली, व्हायोलिनं गेली, चेलोचा एक लांब सूर तेवढा राहिला. मग तोही बंद केला. उरला फक्त सायकलच्या साखळीचा आवाज. "हिनं काय कमी वाजवलंय?" असं म्हणून चहा प्यायला गेले. दोन दिवस मी त्यांच्याशी नीट बोलले नाही. तिसऱ्या दिवशी तो प्रसंग पुन्हा पाहिला आणि गप्प बसले.

तुला हे नवीन वाटायचं कारण नाही, कारण तू पेटीवाला आहेस. पं. रामभाऊ विजापुरे याच बेळगावात होते. त्यांच्याकडं पेटी शिकलेली माणसं अजून गावात भेटतात, जाऊन दोन तास बस त्यांच्यापाशी. संगतीचं मर्म ते सांगतील: गायकाच्या मागून जायचं, पण सावलीसारखं, तो थांबला की भरायचं, तो बोलत असला की सरकून बसायचं. कीर्तनात बुवा निरूपण सांगत असताना तू पेटीवर एक स्वर धरून बसतोस ना, तेच बॅकग्राउंड. पडद्यावरचा माणूस तुझा बुवा. कोल्हापूरचे गोविंदराव टेंबेही मूळचे पेटीवाले. त्यांनी 1911 साली 'मानापमान'च्या चाली दिल्या, आणि 1932 साली पहिला मराठी बोलपट 'अयोध्येचा राजा' आला तेव्हा त्याचं संगीतही त्यांचंच. पेटीवरून पडद्याकडं जायची वाट आपल्या भागात जुनी आहे, तिला मुंबईवरूनच जावं लागतं असं नाही.

पत्रात एका ठिकाणी तू सहज लिहून गेलास की फाउंड्रीत कास्टिंगवर हातोडी मारून आवाजावरून चीर ओळखतोस, आणि सुपरवायझरही आता तुलाच बोलावतात. अख्ख्या पत्रात मला सगळ्यात आवडलेली ओळ ती. तू ती तक्रारीसारखी लिहिलीस, 'तिथं माझं आयुष्य चाललंय' म्हणून. खुळ्या, चांगलं कास्टिंग घुमतं आणि चिरलेलं बद्द वाजतं, हा फरक हजार तुकड्यांत ऐकलेला कान पैसे देऊन मिळत नाही. मिक्सिंगला बसशील तेव्हा ढोलकीच्या घुमाऱ्यात कुठं काय फुटतंय ते तुला कोर्सवाल्या पोरांच्या आधी कळेल.

आता पैशाचं. दोन लाखांतून 70 हजार गायकाचे गेले. उरले एक लाख 30 हजार. त्यात बाकीच्या चार गाण्यांचे गायक, कोरस, ढोलकी, बासरी, स्टुडिओच्या शिफ्ट, सहा गाण्यांचं मिक्सिंग. तुझ्या पत्रातले दर धरून मी मागच्या पानावर बेरीज केली, तर तुझ्या हाती वीस-बावीस हजार येतात. आता वेळ बघ. दोन तासांच्या पिक्चरला सत्तर मिनिटं संगीत लागलं असं धर. एकट्यानं काम करताना दिवसाला दोन मिनिटं मनासारखी झाली तर मी तो दिवस सोन्याचा समजायची. म्हणजे 35 पूर्ण दिवस, तेही दुरुस्त्या न धरता. तू शिफ्ट करून रात्री बसणार, म्हणजे अडीच-तीन महिने, आणि गाणी त्याच्या आधी वेगळी. एवढ्या कामाला महिन्याच्या पगाराएवढी रक्कम. त्यात एखादी शिफ्ट वाढली, गायकाचा घसा बसला, की खिशातून.

शिवाय कागदात नुसतं 'मिक्सिंग' लिहिलंय, त्यावर बोट ठेव. गाण्यांचं मिक्सिंग तुझं. पण संवाद, पावलं, पाऊस, गाड्या आणि संगीत हे सगळं एकत्र करून थिएटरसाठी जे 5.1 मिक्स होतं ते साउंडवाल्यांचं काम आणि निर्मात्याचा खर्च. तू त्यांना फक्त तुझ्या संगीताचे वेगवेगळे थर द्यायचे, रिदम वेगळा, तंतुवाद्यं वेगळी, गळा वेगळा, 48 किलोहर्ट्झ 24 बिटमध्ये. शब्द मोघम ठेवलास तर उद्या ते थिएटरचं मिक्सही तुझ्याच गळ्यात पडेल आणि तेवढ्यात तुझे दोन लाख संपतील.

म्हणून पिक्चर सोडू नकोस, पॅकेज सोड. निर्मात्याला भेट आणि सांग, माझं मानधन वेगळं, खर्च वेगळा. गायकाचं बिल थेट तुमच्या नावावर, मला मधे धरू नका. मानधन चार हप्त्यांत: सही करताना, चाली पसंत झाल्यावर, गाणी झाल्यावर, आणि शेवटचा हप्ता बॅकग्राउंडचे थर हातात देण्याआधी. आधी, बरं काय, नंतर नव्हे. चाली किती वेळा बदलून देणार तो आकडा लिही. टायटलमध्ये नाव कसं येणार ते अक्षरासकट लिही. एवढं ऐकून तो म्हणाला, 'अहो, पहिलाच पिक्चर आहे तुमचा', तर तू म्हण, मग बजेटला झेपेल एवढंच करूया, दोन गाणी आणि बॅकग्राउंड. ज्या गोष्टीला दोन गाणी पुरतात तिला सहा घालायचं कारण बहुतेक वेळा गोष्टीत नसतंच. आणि त्यालाही नाही म्हणाला तर चहा पिऊन परत ये. कोल्हापूर कुठं पळून जात नाही, अडीच तासांवर आहे.

यात एक गंमत सांगते. आपल्याकडं 'म्युझिक प्रोड्यूसर' म्हटलं की घरच्यांना वाटतं पोरगा पैसे घालणार. तुझ्या आईनंही तेच विचारलं असेल. म्युझिक प्रोड्यूसर पैसे घालत नाही, तो संगीतकाराच्या चालीला अंग देतो: कुठलं वाद्य, कुठली लय, कुठल्या गायकाकडून कसं गाऊन घ्यायचं, आवाज कसा ठेवायचा. पूर्वी यातला मोठा भाग अरेंजर करायचा. सेबॅस्टियन डिसोझा, अँथनी गोन्साल्विस ही गोव्याची माणसं. शंकर-जयकिशनच्या गाण्यांतली ती व्हायोलिनांची लाट डिसोझांनी बांधलेली, आणि प्यारेलालना व्हायोलिन शिकवलं ते गोन्साल्विसांनी. पडद्यावर बहुतेकदा यांचं नावही यायचं नाही. आता संगीतकार, अरेंजर, प्रोग्रामर, रेकॉर्डिस्ट सगळं एकाच पोरानं एकाच खोलीत करायचं, असा काळ आलाय. पैसे मात्र एकाच माणसाचे देतात. 'पॅकेज' शब्दाचा खरा अर्थ हा.

आता त्या 'सर्व हक्क' वाल्या ओळीबद्दल. ही ओळ वाचून मला माझंच आठवलं. 2003 साली मी एका मालिकेचं टायटल संगीत केलं. पाच हजार रुपये मिळाले, आणि एका कागदावर गाडीच्या बॉनेटवर सही केली. कागद वाचलाही नाही, पाऊस येत होता. ती मालिका दोन वर्षांहून जास्त चालली. रोज रात्री शेजारच्या घरातून ते माझं संगीत ऐकू यायचं आणि टायटलला नाव दुसऱ्याचंच. कुणाकडं दाद मागायची तेही माहीत नव्हतं.

तेव्हाचा कायदाही आमच्या बाजूचा नव्हता. 1977 साली सुप्रीम कोर्टानं सांगितलं होतं की निर्मात्यानं मोबदला देऊन पिक्चरसाठी संगीत करून घेतलं आणि वेगळा करार नसला, तर पहिला मालक निर्माताच. 2012 साली कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली आणि चित्र बदललं. आता थिएटरात पिक्चरबरोबर वाजणं सोडून तुझं संगीत इतर कुठंही वापरलं गेलं, टीव्ही, रेडिओ, मोबाइल, स्पीकर लावलेलं हॉटेल, तर त्याच्या रॉयल्टीत गीतकार-संगीतकारांचा वाटा राहतोच. तो वाटा निर्मात्याला लिहूनही देता येत नाही. दिलास तरी कायद्यापुढं ते टिकत नाही. म्हणजे संगीताचे हक्क निर्मात्याला दिलेस तरी रॉयल्टीतला तुझा समान वाटा तुझाच. पिक्चरबाहेरच्या गाण्यांनाही, म्हणजे तुझ्या त्या यल्लम्माच्या अल्बमलाही, हेच संरक्षण आहे. हक्क किती वर्षांसाठी दिले ते कागदात लिहिलं नसेल तर कायदा पाच वर्षं धरतो, आणि कुठल्या प्रदेशासाठी ते लिहिलं नसेल तर भारतापुरतेच धरतो. म्हणून तुझ्या कागदात 'कायमस्वरूपी' आणि 'जगभर' हे दोन शब्द आहेत काय ते बघ. असणारच.

पण कायद्यात वाटा आहे म्हणून तो पोस्टानं घरी येत नाही. त्यासाठी इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटीचं, म्हणजे आयपीआरएसचं, सभासद व्हावं लागतं. ही संस्था 1969 पासूनची, गीतकार-संगीतकारांची रॉयल्टी गोळा करून वाटते. सभासद झालास की प्रत्येक गाण्याची नोंद करायची: गीत कुणाचं, संगीत कुणाचं, वाटा कसा. तुझ्या दोन शॉर्ट फिल्मपासूनच कर. लगेच फार पैसे येतील म्हणून नव्हे, नोंदीची सवय लागावी म्हणून. आणि सहीच्या आधी कागद वकिलाला दाखव. मी वकील नव्हे, पोळलेली बाई आहे.

आता तुझ्या मित्रांचं. 'कन्नड कशाला करतोस?' या प्रश्नामागं काय आहे ते मला सांगायला नको. मीही याच गावात शाळा शिकले, मोर्चे बघितले, दुकानांच्या पाट्या बदलताना बघितल्या. सीमावादाचं ते दुखणं खरं आहे आणि कुणी ते हसण्यावारी नेऊ नये. पण गाण्याच्या बाबतीत सांगते, ही सीमा गाण्यांनी कधी मानली नाही. आपली संगीत नाटकं बघ. अण्णासाहेब किर्लोस्कर 1843 साली जन्मले ते याच जिल्ह्यातल्या गुर्लहोसूरला. पुढं 1880 साली पुण्यात त्यांनी 'शाकुंतल' उभं केलं तेव्हा साकी-दिंडीबरोबर कानडी वळणाच्या चालीही तिथं गेल्या. ते जन्मले त्याच साली विष्णुदास भाव्यांनी सांगलीत पहिलं नाटक केलं, तेही कर्नाटकातून आलेल्या भागवत मंडळींचे खेळ बघून सुचलेलं. आणि सुळेभावी तुझ्या घरापासून किती लांब, तू एका फेरीत जाऊन येशील. तिथं 1924 साली कोमकळी नावाच्या कानडी घरात शिवपुत्र जन्मला. त्याला आपण कुमार गंधर्व म्हणतो आणि आपलाच म्हणतो. ते पुढं देवासला आजारपणात अंथरुणाला खिळले, तेव्हा माळव्यातल्या बायकांची गाणी कान देऊन ऐकत होते, आणि ती गाणी त्यांच्या गाण्यात उतरली. कुठल्या भाषेतली म्हणून त्यांनी कान बंद केला नाही.

तेव्हा अल्बम घे. मला तर हेच काम पिक्चरपेक्षा बरं वाटतंय. पैसे कमी, पण खर्च वेगळा, म्हणजे 30 हजार खरोखर तुझे. आणि सौंदत्तीचा यल्लम्माचा डोंगर हा तुझ्यासारख्याला शाळाच आहे. जत्रेत एका बाजूला कानडी पदं, दुसऱ्या बाजूला मराठी, मधे चौंडकं. चौंडक्याची तार वाजवता वाजवता ताणली-सैल केली की सूर बोलल्यासारखा वर-खाली सरकतो. हे कीबोर्डच्या पट्ट्यांवर कधीच होणार नाही, तिथलं सूर वाकवायचं चाक फिरवूनही नाही. म्हणून सॅम्पल विकत घेऊ नकोस. डोंगरावर जा, वाजवणाऱ्यांना विचारून, त्यांचे पैसे देऊन, रेकॉर्ड कर. त्यांची नावं गाण्याखाली घाल. पारंपरिक चाल सगळ्यांची असते, पण ती वाजवणारा हात कुणाचा तरी असतो. जोगतिणींच्या चाली उचलून 'संगीत' म्हणून आपलंच नाव लावणारे मी थोडे बघितले नाहीत.

भाषेची एक अडचण तुला येईल. कन्नड तू शाळेत शिकलास, बाजारात बोलतोस, पण ऱ्हस्व-दीर्घाचं वजन तिथं आपल्यापेक्षा जास्त कडक आहे. मराठी गाण्यात आपण एखादं अक्षर चालीसाठी ताणलं तर ऐकणारा माफ करतो. कन्नडमध्ये ताणलंस तर अर्थच बदलतो आणि गोकाकचा म्हातारा खो खो हसतो. चाल लावण्याआधी गीत लिहिणाऱ्याकडून तीनदा मोठ्यानं म्हणवून घे, ते रेकॉर्ड करून ठेव आणि त्या बोलण्यातूनच लय उचल. ही युक्ती मराठीलाही लागू पडते, फक्त आपण आपल्या भाषेत आळशी असतो.

मुंबईबद्दल. बेळगावातून मुंबई आणि बंगळूर दोन्ही साधारण पाचशे किलोमीटर. रात्री बसलं की सकाळी तिथं. कोल्हापूर अडीच तास. मिरजेत सतार-तानपुरे करणारी घराणी, गाडीनं दुपारी जाऊन रात्री परत. चोर्ला घाट उतरलास की गोवा, तिथं अजून चर्चमध्ये शिकलेले व्हायोलिन आणि ट्रंपेटवाले मिळतात. मुंबईतल्या पोराला हे सगळं एका अंतरात नाही. तू मात्र नकाशावर मुंबईच बघत बसलायस. मुंबईला जायचं ते कुणाकडं तरी जायचं, नुसतं मुंबईला जायचं नाही. उद्या एखाद्या संगीतकारानं 'माझ्याकडं असिस्टंट म्हणून ये' म्हटलं तर तेव्हा नोकरीचा विचार कर, आणि तेव्हाही घरखर्चाचे एक वर्षाचे पैसे बाजूला असतील तरच. तमिळ पिक्चरांचे संगीतकार इळैयराजा 1976 साली स्वतंत्र पिक्चर करायच्या आधी बरीच वर्षं जी. के. वेंकटेश यांच्याकडं असिस्टंट होते, आणि वेंकटेश म्हणजे कन्नड पिक्चरांचे मोठे संगीतकार. आपल्याच राज्यातल्या सिनेमात ते घडले. असिस्टंट होण्यात कमीपणा नाही. फक्त महिन्याला किती मिळणार आणि केलेल्या कामाला नाव मिळणार काय, हे पहिल्याच दिवशी विचार. मी विचारलं नव्हतं.

कोर्स नको. त्या पैशात एक बरा माइक येतो, आणि आठवड्याला दोन दिवस पाश्चात्त्य नोटेशन आणि हार्मनी शिकवणारे शिक्षक मिळतात. गोव्याच्या त्या व्हायोलिनवाल्यापुढं कागद ठेवता आला पाहिजे, 'असं असं वाजव' म्हणून गाऊन दाखवत बसलास तर शिफ्ट संपते.

वडील 'माग विकावे लागतील' म्हणतात ते भीतीनं. मागाचा धंदा कसा चाललाय ते वडगावात कुणाला सांगायला नको, आणि तुझे 19 हजार हाच त्या घरातला महिन्याला नक्की येणारा पैसा आहे. त्यांना गाणं नकोय असं मला वाटत नाही. त्यांना एक तारीख हवीय. त्यांच्यापुढं बसून सांग, दोन वर्षं नोकरी सोडत नाही, रात्री आणि रविवारी काम करतो, आलेले पैसे वेगळ्या खात्यात टाकतो, पासबुक तुमच्याकडं. मग बघ रात्री दोन वाजता तुझ्या खोलीत दिवा दिसला तर बाप काय म्हणतो ते.

खोलीबद्दल तू विचारलं नाहीस, तरी सांगते. आपल्याकडं जून ते सप्टेंबर कौलांवर जो पाऊस वाजतो त्यात गळा रेकॉर्ड होत नाही, हे निर्मात्याला तारखा देण्याआधी लक्षात ठेव. भिंतीला महागडे फोम चिकटवू नकोस. आईच्या जुन्या वाकळा दोरीवर टाक, माइकच्या मागं आणि गायकाच्या मागं. मी अंधेरीत बारा वर्षं वाकळेतच गाणी रेकॉर्ड केली, ती कशात केली हे कुणीही ओळखलं नाही. आणि माग बंद झाल्यावरच काम करायचं असं तू लिहितोस, म्हणजे तुझी वेळ रात्री अकरा ते दोन. झोप सांभाळ, फाउंड्रीत हात आहेत तुझे.

त्या मागांचं मात्र एक काम कर. एका सकाळी माग सुरू होण्याआधी रेकॉर्डर लाव. वडील पहिला माग चालू करतात, मग दुसरा, मग आई तिसरा, चौघांची लय एक होत नाही, धोटे एकमेकांना चुकवत राहतात, आणि मधेच कधीतरी चारही एकदम एका ठेक्यावर येऊन पुन्हा सुटतात. हे मी माझ्या मामाच्या घरी, खासबागेत, लहानपणी ऐकलंय. ते दहा मिनिटं घे. नंतर कोल्हापूरच्या त्या दिग्दर्शकाला फोन कर, निर्मात्याला नव्हे, दिग्दर्शकाला, आणि गोष्ट काय आहे ते विचार. मला दोन्ही पाठव, गोष्टही आणि मागही. फाइल व्हॉट्सॲपवर डॉक्युमेंट म्हणून टाक, म्हणजे आवाज आहे तसा येतो.